अंतराळात कोण जाऊ शकतो? अंतराळवीरांची तयारी, त्यांचा प्रवास आणि आपली मुले

२५ जून २०२५, बुधवार. दुपारचे बारा वाजत आले होते. आमच्या वस्तीतील बुद्धविहाराच्या अभ्यासिकेत पंधरा-वीस मुले एका मोबाईलभोवती दाटीवाटीने बसली होती. दुपारच्या शाळेची मुले तर दप्तर पाठीला लावूनच बसली होती. अमेरिकेतील फ्लोरिडाच्या किनाऱ्यावरून फाल्कन-९ रॉकेट सुटले. त्यात ग्रुप कॅप्टन शुभांशु शुक्ला होते. राकेश शर्मा १९८४ साली गेले होते. त्यानंतर ४१ वर्षांनी भारताचा एक नागरिक पृथ्वीच्या कक्षेत निघाला होता. मुलांनी टाळ्या वाजवल्या. रॉकेट दिसेनासे झाल्यावर आठवीतली एक मुलगी म्हणाली, "ताई, यासाठी नशीब लागतं ना?"

तेव्हा आम्ही तिला 'नशीब नाही गं, अभ्यास लागतो' एवढेच उत्तर दिले. पण ते उत्तर अर्धवट होते, हे आम्हालाही कळत होते. अभ्यास तर पुष्कळ जण करतात. मग त्या खुर्चीपर्यंत नेमके कोण पोहोचते, कसे पोहोचते आणि तिथे गेल्यावर माणसाचे काय होते? अभ्यासिकेतील आम्ही कार्यकर्त्यांनी त्यानंतर यावर बरेच वाचन केले, मुलांसोबत चर्चा केली. त्यातून जे हाती लागले ते या लेखात मांडत आहोत.

उड्डाणाआधीची वीस वर्षे

शुभांशु शुक्ला लखनौचे. पुण्याजवळच्या खडकवासला येथील राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत, म्हणजे एनडीएत, ते शिकले. राकेश शर्मा हेही याच एनडीएचे विद्यार्थी. शुक्ला २००६ मध्ये हवाई दलात अधिकारी झाले, लढाऊ विमाने उडवली, पुढे चाचणी वैमानिक झाले. गगनयान मोहिमेसाठी हवाई दलातील चार वैमानिक निवडले गेले: प्रशांत नायर, अजित कृष्णन, अंगद प्रताप आणि शुक्ला. बंगळुरूच्या हवाई दल वैद्यकीय संस्थेत त्यांच्या कसून तपासण्या झाल्या. मग रशियात, मॉस्कोजवळच्या स्टार सिटी येथील गागारिन केंद्रात आणि नंतर बंगळुरूत त्यांचे प्रशिक्षण झाले. अॅक्सियम-४ मोहिमेसाठी निवड झाल्यावर शुक्लांना अमेरिकेत पुन्हा तयारी करावी लागली. एनडीएतून बाहेर पडल्यापासून रॉकेटमध्ये बसेपर्यंत सुमारे वीस वर्षे गेली. आपण टीव्हीवर पाहतो ती शेवटची दहा मिनिटे.

या प्रशिक्षणात काय काय असते?

वजन झेलण्याची सवय. रॉकेट वर जाताना आणि यान परत येताना शरीर खुर्चीत जोराने दाबले जाते. पृथ्वीवर आपल्याला जाणवणाऱ्या ओढीला १ जी म्हणतात. ८ जी म्हणजे साठ किलोच्या माणसाला आपले वजन ४८० किलो असल्यासारखे वाटणे. छाती दबते, श्वास घेणे अवघड होते. याची सवय व्हावी म्हणून एका लांब लोखंडी बाहूच्या टोकाला बंद कक्ष बसवतात, त्यात माणसाला बसवून वेगाने गोल फिरवतात. स्टार सिटीतील अशा एका यंत्राचा बाहू १८ मीटर लांब आहे. अशा दाबात श्वास कसा घ्यायचा, हे तिथे शिकावे लागते. ही भीती कागदावरची नाही. एप्रिल २००८ मध्ये एक सोयुझ यान परतताना ठरलेला मार्ग सोडून तीव्र उतारावरून खाली आले आणि आतल्या तिघांना ८ जीपेक्षा जास्त दाब सोसावा लागला. त्या तिघांत पेगी व्हिटसन होत्या. याच पेगी व्हिटसन २०२५ मध्ये शुक्लांच्या मोहिमेच्या कमांडर होत्या.

तरंगण्याचा सराव. एक खास विमान चढ-उताराची मोठी कमान घेत उडते. कमानीच्या माथ्यावर वीस-पंचवीस सेकंद आतली माणसे तरंगतात. एका उड्डाणात असे अनेकदा केले जाते. यानाबाहेर पडून काम करायचे असेल तर सराव पाण्यात होतो. ह्यूस्टनमध्ये त्यासाठी ६२ मीटर लांब, ३१ मीटर रुंद आणि १२ मीटर खोल तलाव आहे. अंतराळ स्थानकाच्या भागांच्या हुबेहूब प्रतिकृती त्यात बुडवून ठेवलेल्या असतात. बाहेरच्या एका तासाच्या कामासाठी पाण्यात सहा-सात तास सराव करण्याची पद्धत आहे.

जंगलात जगण्याचे शिक्षण. हे ऐकून मुलांना सर्वात जास्त गंमत वाटली. मार्च १९६५ मध्ये अलेक्सेई लिओनोव्ह हे यानाबाहेर पडून अंतराळात तरंगणारे पहिले मानव ठरले. परतताना मात्र त्यांचे यान भरकटले आणि ते व त्यांचे सहकारी पावेल बेल्यायेव बर्फाच्छादित रानात उतरले. सुटका होईपर्यंत त्यांना कडाक्याच्या थंडीत तिथेच रात्री काढाव्या लागल्या. यान कुठेही उतरू शकते, म्हणून बर्फात आणि पाण्यात तग धरण्याचे शिक्षण आजही दिले जाते.

बिघाडाची तालीम. प्रशिक्षणाचा फार मोठा भाग यानाच्या प्रतिकृतीत बसून होतो. प्रशिक्षक मुद्दाम बिघाड घडवतात. आग लागली, हवा गळू लागली, विषारी वायू पसरला, संपर्क तुटला. प्रत्येक वेळी काय करायचे, कोणी करायचे, हे हाताला पाठ होईपर्यंत घोकून घेतात. सोबत परकी भाषाही शिकावी लागते. राकेश शर्मांना उड्डाणाआधी रशियन शिकावी लागली होती, कारण यानातील सगळ्या सूचना त्याच भाषेत होत्या.

आणि शेवटी धीर. अॅक्सियम-४ चे उड्डाण अनेकदा पुढे ढकलले गेले. कधी हवामान, कधी रॉकेटमध्ये द्रवरूप ऑक्सिजनची गळती, कधी अंतराळ स्थानकातील दुरुस्ती. संसर्ग होऊ नये म्हणून चौघेही सुमारे महिनाभर इतरांपासून वेगळे राहिले.

पैसे देऊन जाणारे प्रवासी

आता अंतराळात फक्त सरकारी अंतराळवीर जातात असे नाही. २८ एप्रिल २००१ रोजी डेनिस टिटो हे अमेरिकी धनिक स्वतःच्या पैशाने रशियाच्या सोयुझमधून अंतराळ स्थानकावर गेले. त्यांनी सुमारे दोन कोटी डॉलर मोजल्याचे तेव्हा प्रसिद्ध झाले होते. 'नासा'चा त्यांच्या जाण्याला विरोध होता. पण पैसे भरले म्हणून त्यांची तयारीतून सुटका झाली नाही. साठाव्या वर्षी त्यांना स्टार सिटीत प्रशिक्षण घ्यावेच लागले.

सप्टेंबर २०२१ मधील 'इन्स्पिरेशन-४' मोहिमेत चारही प्रवासी सामान्य नागरिक होते. खर्च जॅरेड आयझॅकमन या उद्योजकाने केला. उरलेल्या तीन जागांपैकी एक हेली आर्सेनो यांना मिळाली. लहानपणी त्यांना हाडाचा कर्करोग झाला होता आणि त्यांच्या पायात कृत्रिम सळई आहे. जुन्या नियमांनी त्यांना वैद्यकीय तपासणीतच बाद ठरवले असते. दुसऱ्या प्रवासी सियान प्रॉक्टर यान चालवणाऱ्या पहिल्या कृष्णवर्णीय महिला ठरल्या. या चौघांनी सुमारे सहा महिने तयारी केली, बर्फाचा डोंगर चढले आणि तीन दिवस पृथ्वीभोवती फिरून आले.

तिसरा प्रकार अगदी छोट्या सफरीचा. 'ब्लू ओरिजिन' कंपनीचे यान शंभर किलोमीटरच्या वर जाऊन दहा-अकरा मिनिटांत खाली येते. प्रवासी तीन-चार मिनिटे तरंगतात. याचे प्रशिक्षण दोन दिवसांचे. २०२१ मध्ये पहिल्या सफरीच्या एका जागेचा लिलाव झाला तेव्हा बोली २ कोटी ८० लाख डॉलरवर गेली. म्हणजे वीस वर्षांची तयारी, सहा महिन्यांची तयारी आणि दोन दिवसांची तयारी, या तिन्ही गोष्टींना आपण 'अंतराळात जाणे' हा एकच शब्द वापरतो. बातमी वाचताना हा फरक लक्षात ठेवावा.

वर गेल्यावर शरीराचे काय होते?

सुटल्यापासून साधारण नऊ मिनिटांत यान कक्षेत पोहोचते. इंजिन बंद होते आणि हातातली वस्तू सोडली तर ती तिथेच तरंगते. पुष्कळांना वाटते की तिथे गुरुत्वाकर्षण नसते. अंतराळ स्थानक साधारण ४०० किलोमीटर उंचीवर आहे आणि तिथे पृथ्वीची ओढ जमिनीवरच्या सुमारे ९० टक्के असते. मग माणसे तरंगतात कशी? दगड आडवा फेकला की तो पुढे जात जात खाली पडतो. तोच दगड ताशी २८,००० किलोमीटर वेगाने फेकला, तर तो जितका खाली पडतो तितकीच पृथ्वीची गोलाई त्याच्याखालून वळत जाते. तो सतत पडत राहतो, पण जमिनीवर कधीच आदळत नाही. स्थानक आणि आतली माणसे अशीच एकत्र पडत असतात, म्हणून तरंगतात. या वेगाने दीड तासात एक फेरी होते आणि दिवसाला सोळा सूर्योदय दिसतात.

पहिले काही दिवस त्रासाचे असतात. निम्म्याहून अधिक जणांना मळमळ, उलटी, डोकेदुखी होते, कारण कानातील तोल सांभाळणाऱ्या यंत्रणेला वर-खाली कळेनासे होते. शरीरातील द्रव डोक्याकडे सरकतो. चेहरा सुजतो, नाक चोंदते, पाय बारीक दिसतात. लहान बाळासारखे चालायला आणि खायला नव्याने शिकत आहोत, असे शुक्लांनी स्थानकावरून सांगितले होते. त्यांच्यासोबत गाजर हलवा, मूग डाळ हलवा आणि आमरस होता. पाव मात्र तिथे टाळतात, कारण त्याचा चुरा तरंगत यंत्रांत आणि डोळ्यांत जातो. झोपण्याची पिशवी भिंतीला बांधलेली असते. घाम आणि लघवीसुद्धा शुद्ध करून पुन्हा पिण्याचे पाणी बनवतात.

वजन पेलायचे नसल्याने हाडे महिन्याला एक ते दीड टक्का विरळ होतात, स्नायू रोडावतात. म्हणून रोज सुमारे दोन तास व्यायाम सक्तीचा असतो. सुनीता विल्यम्स जून २०२४ मध्ये आठवडाभरासाठी गेल्या होत्या. त्यांच्या यानातील बिघाडामुळे त्या २८६ दिवसांनी परतल्या. अशा वेळी हा रोजचा व्यायामच माणसाला तारतो.

परत आल्यावर शरीराला उलटा धडा शिकावा लागतो. १५ जुलै २०२५ रोजी शुक्लांचे यान कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याजवळ समुद्रात उतरले. त्यानंतरचा एक किस्सा त्यांनीच सांगितला आहे. पलंगावर बसून काम झाल्यावर त्यांनी लॅपटॉप शेजारी हवेत सोडून दिला. तो तरंगेल, असे त्यांच्या हाताला वाटले होते. तो खाली पडला.

पृथ्वीकडे पाहताना

वरून पृथ्वी पाहिल्यावर मनावर होणाऱ्या परिणामावर फ्रँक व्हाइट या अमेरिकी लेखकाने १९८७ मध्ये पुस्तक लिहिले. तेव्हापासून हा विषय अभ्यासाचा झाला आहे. अनेक अंतराळवीर सांगतात की वातावरण अगदी पातळ थरासारखे दिसते आणि आपण सगळे किती परस्परावलंबी आहोत हे जाणवते. सगळ्यांना आनंदच होतो असेही नाही. ९० वर्षांचे अभिनेते विल्यम शॅटनर २०२१ मध्ये जाऊन आले आणि त्यांनी मला दुःख जाणवले, असे नोंदवले.

बौद्ध वाचकाला यात अनित्यता आणि प्रतीत्यसमुत्पाद आठवेल, आम्हालाही आठवले. पण इथे एक सावधगिरी हवी. पुराणात विमान होते म्हणणाऱ्यांवर आपण टीका करतो. मग 'बुद्धांनी अडीच हजार वर्षांपूर्वीच अंतराळविज्ञान सांगितले होते' असे संदेश आपणही पुढे पाठवू नयेत. तथागतांनी कालामांना ऐकीव गोष्टीवर, परंपरेवर किंवा ग्रंथात आहे म्हणून विश्वास ठेवू नका, स्वतः तपासून पाहा, असे सांगितले. तो दृष्टिकोन आपला वारसा आहे. संविधानाच्या कलम ५१-अ मध्ये वैज्ञानिक दृष्टिकोन हे नागरिकाचे कर्तव्य म्हणून नोंदलेले आहे.

खुर्ची कोणाला मिळते हे नियम ठरवतो

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे येऊ. १९५९ मध्ये अमेरिकेने पहिले अंतराळवीर निवडताना अट ठेवली की उमेदवार लष्करातील जेट विमानांचा चाचणी वैमानिक असावा. या अटीत स्त्री किंवा काळा माणूस असे शब्द कुठेही नव्हते. पण त्या काळी लष्करात स्त्रीला चाचणी वैमानिक होताच येत नव्हते आणि काळ्या वैमानिकांना ती वाट जवळपास बंद होती. वॉली फंक यांनी १९६१ मध्ये अंतराळवीरांसारख्या वैद्यकीय चाचण्या पार केल्या, तरी त्यांची निवड झाली नाही. त्या अंतराळात गेल्या २०२१ मध्ये, वयाच्या ८२ व्या वर्षी. एड ड्वाइट हे काळे हवाई दल अधिकारी १९६३ मध्ये प्रशिक्षण पूर्ण करून शिफारशीपर्यंत पोहोचले, पण त्यांना वगळण्यात आले. ते १९ मे २०२४ रोजी, ९० व्या वर्षी 'ब्लू ओरिजिन'च्या यानातून गेले. त्यांच्या तिकिटाला एका संस्थेने मदत केली. त्याच यानात आंध्र प्रदेशात जन्मलेले गोपी थोटाकुरा होते.

१९७८ मध्ये 'नासा'ने निवडीचा आधीचा साचा बदलला. वैमानिकांसोबत शास्त्रज्ञ, डॉक्टर आणि अभियंते यांनाही मोठ्या संख्येने घेतले. आठ हजारांहून अधिक अर्जांतून ३५ जण निवडले गेले. त्यांत सहा स्त्रिया, तीन काळे पुरुष आणि एक आशियाई वंशाचे अमेरिकी होते.

त्या तिघांपैकी एक रोनाल्ड मॅकनेअर. दक्षिण कॅरोलिनातील लेक सिटी या गावी, १९५९ मध्ये नऊ वर्षांचे असताना ते ग्रंथालयात पुस्तके मागायला गेले. काळ्यांना पुस्तके मिळत नाहीत, असे सांगून त्यांना जायला सांगितले गेले. ते जागचे हलले नाहीत. पोलीस बोलावले गेले, आई आली आणि शेवटी मुलगा पुस्तके घेऊनच घरी गेला. पुढे त्यांनी एमआयटीतून भौतिकशास्त्रात डॉक्टरेट मिळवली आणि १९८४ मध्ये अंतराळात गेले. ते ग्रंथालय आज त्यांच्या नावाचे संग्रहालय आहे. चवदार तळ्याचा इतिहास जाणणाऱ्या आपल्याला ही गोष्ट समजावून सांगावी लागत नाही.

आणि तो आशियाई उमेदवार म्हणजे एलिसन ओनिझुका. जपानहून हवाई बेटांवर येऊन स्थायिक झालेल्या कुटुंबातले, अभियंते आणि धर्माने बौद्ध. जानेवारी १९८५ मध्ये ते अंतराळात गेलेले पहिले आशियाई-अमेरिकी ठरले. आमच्यापैकी कोणालाही हे नाव माहीत नव्हते, याची आम्हाला खंत वाटली.

२८ जानेवारी १९८६ रोजी मॅकनेअर आणि ओनिझुका दोघेही चॅलेंजर यानात होते. उड्डाणानंतर ७३ सेकंदांनी यान नष्ट झाले आणि सातही जण मृत्युमुखी पडले. थंडीमुळे रॉकेटच्या सांध्यातील रबरी कड्याने काम दिले नाही. रॉकेट बनवणाऱ्या कंपनीच्या अभियंत्यांनी आदल्या रात्रीच धोका सांगितला होता, पण वरिष्ठांनी तो मानला नाही. प्रश्न विचारणाऱ्याचे ऐकले नाही की काय होते, याचे हे फार महाग उदाहरण आहे.

आपल्याकडे पहिले चारही गगनयात्री हवाई दलातील चाचणी वैमानिक आणि चारही पुरुष आहेत. नव्या, न पारखलेल्या यानासाठी चाचणी वैमानिक घेण्यामागे कारण आहे. पण लढाऊ विमान उडवणाऱ्या पहिल्या तीन महिला आपल्या हवाई दलात आल्या त्याच मुळी २०१६ मध्ये. दार वीस वर्षे आधी बंद असले की वीस वर्षांनंतरच्या यादीत नाव दिसत नाही.

दार कुठे बंद होते?

आता आमची चूक सांगतो. काही वर्षांपूर्वी आमच्या अभ्यासिकेतील एका हुशार मुलीला दहावीनंतर विज्ञान शाखा घ्यायची होती. कॉलेज लांब, शिकवणीची फी परवडणारी नाही. आम्हीच तिला म्हणालो, 'गणित सोड, कला शाखा घे, पोलीस भरतीची तयारी कर.' सल्ला चांगल्या हेतूने दिला होता. पण एनडीएतून हवाई दलात जायचे तर बारावीला भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि गणित लागते. सोळाव्या वर्षी एक दार बंद झाले आणि ते बंद करताना आम्हाला कळलेही नाही. तिने गणित सोडले ते आमच्या शब्दावर. त्यात नशीब कुठेच नव्हते.

म्हणून काही माहिती प्रत्येक अभ्यासिकेच्या भिंतीवर असावी.

- एनडीएची प्रवेश परीक्षा यूपीएससी वर्षातून दोनदा घेते. वयोमर्यादा साधारण साडेसोळा ते साडेएकोणीस. मुलींनाही प्रवेश आहे. १७ मुलींची पहिली तुकडी मे २०२५ मध्ये बाहेर पडली. या परीक्षेत आरक्षण नाही, त्यामुळे तयारी लवकर सुरू करणे अधिकच गरजेचे.
- महाराष्ट्र शासनाची सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था छत्रपती संभाजीनगर येथे मुलांना आणि नाशिक येथे मुलींना एनडीएसाठी तयार करते. ही माहिती दहावीच्या आधीच घरी पोहोचली पाहिजे.
- इस्रोचा 'युविका' हा उपक्रम नववीच्या विद्यार्थ्यांसाठी आहे.
- तिरुअनंतपुरमची भारतीय अंतराळ विज्ञान व तंत्रज्ञान संस्था जेईई अॅडव्हान्स्डमार्फत प्रवेश देते. तिथे आरक्षण आहे.
- परदेशी शिक्षणासाठी अनुसूचित जाती व नवबौद्ध विद्यार्थ्यांना राज्य शासनाची राजर्षी शाहू महाराज शिष्यवृत्ती आहे.

अटी बदलतात, म्हणून त्या-त्या वर्षीची जाहिरात नीट वाचावी. आणि खुर्चीत बसणारा एक असला तरी त्याच्यामागे हजारो हात असतात. अंतराळवीरांचे जेवण म्हैसूरच्या संरक्षण अन्न संशोधन प्रयोगशाळेत तयार होते, गगनयानाच्या पॅराशूटवर आग्र्यात काम होते. डॉक्टर, मानसशास्त्रज्ञ, वेल्डर, संगणक अभियंते, सगळे लागतात. शुक्लांच्या मोहिमेवर देशाचे सुमारे ५५० कोटी रुपये खर्च झाले. तो आपल्याही करातला पैसा आहे. म्हणून त्या हजारो हातांत आपले हात किती, हा प्रश्न विचारण्याचा आपल्याला पूर्ण हक्क आहे.

आमच्या अभ्यासिकेत आता रविवारी सकाळी वंदनेनंतर दोन तास गणित असते. एक निवृत्त शिक्षक शिकवतात. सुरुवातीला चार मुले होती, आता अकरा आहेत. नशिबाबद्दल विचारणारी ती मुलगी त्यात आहे. गेल्या महिन्यात तिने विचारले, "ताई, आठ जी म्हणजे माझं वजन किती होईल?" आम्ही तिला वही पुढे करायला सांगितली. तिने स्वतःच गुणाकार केला.

नमो बुद्धाय! जय भीम!